घर पाहावं फिरवून

परवा घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कोणीतरी बस्टर कीटन या मूकपटांच्या जमान्यातल्या अमेरिकन विनोदी नटाची दहा सेकंदांची क्लिप टाकली. घरावर आगगाडी आदळते, घराच्या चिरफळ्या उडतात, मागे ढिंगचॅक संगीत. खाली लोळून हसणाऱ्या इमोजींची रांग. मला रागच आला. (विनोदी क्लिपवर चिडणारा माणूस म्हणून घरात आता माझी ख्याती झाली आहे.)

ही क्लिप १९२० च्या 'वन वीक'मधली. दोन रिळांची फिल्म, वीसेक मिनिटांत संपते. पण आदळणं ही त्यातली शेवटची ओळ आहे हो, बेरीज आधीपासून चाललेली असते!

'घर पाहावं बांधून, लग्न पाहावं करून.' कीटनने दोन्ही एकाच आठवड्यात काढलंय. लग्नात आहेर मिळतो प्लॉट आणि खोक्यांत भरलेलं, जोडून उभं करायचं घर. नवरीने नाकारलेला एक इसम खोक्यांवरचे आकडे गुपचूप बदलतो. बिचारा कीटन सूचनांचा कागद इमानेइतबारे पाळतो आणि उभं राहतं ते भलतंच, वरच्या मजल्याचं दार थेट हवेत उघडणारं. फ्लॅटचा ताबा घेतलेल्यांना यात फार अतिशयोक्ती वाटू नये. पाहुणे बोलावले त्या दिवशी नेमका शुक्रवार आणि १३ तारीख, म्हणजे तिकडचा अशुभ मुहूर्त. वादळ सुटतं आणि घर पाहुण्यांसकट गरागरा फिरतं. त्यासाठी खरोखरचं घर फिरत्या चौथऱ्यावर उभारलं होतं.

आणि एवढं सगळं होताना कीटनच्या चेहऱ्यावर रेघ हलत नाही. लहानपणी आईबापांच्या स्टेजवरच्या खेळात तो सामानासारखा फेकला जायचा. आपण हसलो की प्रेक्षक कमी हसतात, हे तो तेव्हाच शिकला होता.

मग कळतं, घर चुकीच्या प्लॉटवर बांधलंय. ओढत नेताना ते रुळांवर अडकतं. आगगाडी येते. नवराबायको डोळे झाकतात. गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. हुश्श! आणि उलट्या दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा भुगा करते.

ग्रुपवरच्या क्लिपमध्ये पहिली गाडी कापलेली होती.

आणि त्यानंतरचंही. कीटन ढिगाऱ्यावर 'विकणे आहे' अशी पाटी लावतो, बायकोचा हात धरून निघतो, आठवण होऊन परत येतो आणि पाटीला घर जोडायच्या सूचनांचा कागद अडकवून जातो.