नजराणा कुणी कुणाला द्यायचा?

मंगेशनं दिवाळी पहाटच्या फ्लेक्सचं डिझाइन मोबाइलवर दाखवलं आणि पार्क चौकातल्या आमच्या कट्ट्यावर तासभराचं भांडण लागलं. डिझाइनवर निरांजन, तानपुरा, कोपऱ्यात चार नेत्यांचे फोटो आणि मधोमध सोनेरी अक्षरांत लिहिलेलं: ‘सोलापूरकर रसिकांना स्वरांचा नजराणा’.

शुभदा मॅडम कॉलेजात इतिहास शिकवतात. संध्याकाळी फिरून आल्या की दहा मिनिटं टेकतात. त्यांनी चष्मा वर केला. “उलटं लिहिलंयस रे. नजराणा खालच्यानं वरच्याला द्यायचा असतो. रयतेनं राजाला, सरदारानं बादशहाला. वरून खाली येतो त्याला खिलत म्हण, शिरपाव म्हण, बक्षीस म्हण. तू रसिकांना नजराणा देतोस म्हणजे काय?”

“मॅडम, सगळेच लिहितात की. साड्यांचा नजराणा, मिसळीचा नजराणा.”

“सगळे लिहितात म्हणून बरोबर होतं काय?”

“होतं,” वकील अण्णा म्हणाले. अण्णांची सगळी वकिली तहसील आणि प्रांत कचेरीत गेली. “भाषेत बहुमत चालतं. कोर्टात चालत नाही.”

मग मी माझं ज्ञान पाजळलं. नजरेसमोर ठेवायची वस्तू ती नजर, त्यावरून नजराणा, असं मी शाळेपासून समजत आलो होतो. सलीम सर इतका वेळ गप्प होते. उर्दू हायस्कूलमधून निवृत्त झालेला माणूस, उगीच मध्ये पडत नाही. पण हे ऐकून त्यांना राहवेना.

“दोन शब्द वेगळे आहेत. उर्दूत ‘ज़’साठी चार अक्षरं. बघण्याची नज़र ज़ोयनं लिहितात. नजराण्यातली नज़्र ज़ालनं. तिचा डोळ्यांशी काही संबंध नाही. अरबीत नज़्र म्हणजे नवस. देवापुढं कबूल केलेलं देणं. दर्ग्यात नजर-नियाज म्हणतात ना, ती ही नजर. देवनागरीत दोन्ही सारखेच दिसतात, म्हणून तुमची गल्लत.”

“म्हणजे नवसाचा नारळ?” दत्तानं विचारलं.

“मूळ तिथंच. देवाला देतात ते पीराला, पीराला देतात ते त्याच्या गादीवरच्या माणसाला, आणि पुढं बादशहाला. अजमेरला ख्वाजासाहेबांच्या दर्ग्यात भाविक जे देतात त्यावर हक्क कुणाचा, खादिमांचा म्हणजे दर्ग्याच्या सेवेकऱ्यांचा की दर्गा कमिटीचा, हे भांडण १९६१ साली सुप्रीम कोर्टात गेलं होतं.”

अण्णांनी मान डोलवली. कोर्ट निघालं की त्यांचा चेहरा उजळतो.

मॅडमनी मात्र आपला मुद्दा सोडला नाही. उलट त्यांना बळ आलं. “म्हणजे माझंच खरं. नवस देवाला बोलतात, देव भक्ताला नवस बोलत नाही. आणि हे नुसतं व्याकरण नाही बरं. दरबारात ही दिशा चुकली तर माणसं मरायची. आग्र्याचंच घ्या. १२ मे १६६६. औरंगजेबाचा चांद्र पन्नासावा वाढदिवस. महाराजांकडून नजर आणि निसार दोन्ही पेश झालं. नजर म्हणजे बादशहाला द्यायचं, निसार म्हणजे त्याच्यावरून ओवाळून टाकायचं. आता देणं झालं की वरून काहीतरी यायला हवं. खिलती वाटल्या त्या शहजाद्यांना, वजीर जाफरखानाला आणि जसवंतसिंगाला. महाराजांना नाही. तिथंच ठिणगी पडली. आपण शाळेत शिकतो की मागच्या रांगेत उभं केलं म्हणून अपमान झाला. तो झालाच. पण नजर घेतली आणि खिलत दिली नाही, हा त्या काळातला जास्त उघड अपमान. भर दरबारात सगळ्यांना कळेल असा.”

“खिलत म्हणजे शालच ना?” दत्ता.

“पूर्ण पोशाख. सर-ओ-पा, डोक्यापासून पायापर्यंत, त्याचंच मराठीत सरपाव, शिरपाव झालं. असली खिलत म्हणजे बादशहानं स्वतः अंगावर घातलेला कपडा. तो तुम्ही घातला की तुम्ही त्याचे झालात. म्हणून नजर-खिलत हा सौदा नव्हे. इथं इंग्रजांनी गोंधळ केला. त्यांना वाटलं पैसे दिले, कपडा मिळाला, म्हणजे दुकान.”

इथं मला मॅडमचं बोलणं पटलं, पण एक शंका उरली, ती मी विचारली. इंग्रजांना खरंच कळत नव्हतं, की कळत असून सोयीनं वेड पांघरलं होतं?

“रायगडावर तरी नीट कळत होतं,” मॅडम हसल्या. “राज्याभिषेकाला कंपनीचा वकील हेन्री ऑक्झेंडन आला होता, ६ जून १६७४. त्यानं स्वतःच लिहून ठेवलंय. गर्दीत लांब उभे होते, तर दुभाषा नारायण शेणवी यानं नजर करायची हिऱ्याची अंगठी हात उंच करून दाखवली. महाराजांचं लक्ष गेलं, त्यांनी सिंहासनाच्या पायरीपर्यंत बोलावलं, वस्त्रं दिली आणि जायला सांगितलं. नजर गेली, खिलत आली, काम फत्ते. साहेबाला सगळं ठाऊक होतं.”

“मग शंभर वर्षांनी विसरला?”

“शंभर वर्षांत साहेब घेणारा झाला ना!”

यावर अण्णा जोरात हसले आणि चहावाल्या पोराला सहा कटिंग सांगितले. प्लासीनंतर क्लाइव्ह आणि मंडळींनी बंगालच्या नवाबाकडून जे ओरबाडलं त्याला कागदोपत्री नजराणेच म्हणत होते. शेवटी १७७३ च्या रेग्युलेटिंग अ‍ॅक्टमध्ये गव्हर्नर जनरल आणि त्याच्या कौन्सिलनं कुणाकडून भेटी घ्यायच्या नाहीत असं घालावं लागलं. तरी पहिला गव्हर्नर जनरल वॉरन हेस्टिंग्ज याच्यावर खटला झालाच. मुर्शिदाबादच्या नवाबाची विधवा मुन्नी बेगम हिच्याकडून दीड लाख घेतल्याचा आरोप त्यात होता. हे पैसे पाहुणचाराच्या खर्चाचे होते, असा त्याचा बचाव. खटला १७८८ ते १७९५ चालला आणि तो सुटला.

“सात वर्षं,” अण्णा म्हणाले. “म्हणजे आपल्या वेगानं लवकरच म्हणायचं.”

मॅडमनी तोशाखान्याचं, म्हणजे भेटी ठेवायच्या सरकारी कोठाराचं सांगितलं ते मला सगळ्यात आवडलं. भेट तर नाकारता येत नाही, नाकारली तर संस्थानिकाचा अपमान. घेतली तर कायदा आडवा. म्हणून कंपनीच्या साहेबानं ती घ्यायची, सरकारी तोशाखान्यात जमा करायची, आणि पुढच्या दरबारात तीच शाल, तोच हार दुसऱ्या राजाला द्यायचा. आमच्या घरी लग्नातले ब्लाउजपीस असेच वर्षानुवर्षं गावभर फिरतात. तोशाखाना हा शब्द आजही दिल्लीत परराष्ट्र मंत्रालयात आहे. मंत्र्यांना परदेशात मिळालेल्या भेटी तिथं जातात. आणि पाकिस्तानात सौदी युवराजाच्या घड्याळावरून इम्रान खान तुरुंगात गेले, ते प्रकरणही तोशाखान्याचंच.

“आणि दिल्लीच्या बहादूरशहाला इंग्रज नजर देत होते की नाही?” सलीम सरांनी आठवण करून दिली. “ईदला, वाढदिवसाला. गव्हर्नर जनरल एलनबरोनं १८४३ च्या सुमारास ते बंद केलं. पेन्शन चालू, पण नजर बंद. बुढ्याला पैशांचं दुःख नव्हतं. नजर बंद म्हणजे आता तू आमचा बादशहा नाहीस, एवढाच अर्थ.”

“तेच म्हणते मी! दिशा!” मॅडमनी कट्ट्यावर थाप मारली. “मंगेश, बदल ते.”

मंगेश बिचारा ‘मेजवानी’ टाइप करायला लागला होता. तेवढ्यात सलीम सरांनी बाजू पलटवली.

“थांब बे. बदलू नको. मॅडमची दिशा बरोबर, पण तुझा फ्लेक्सही बरोबर आहे.” सगळे त्यांच्याकडं बघायला लागले. “मुशायऱ्यात शायर काय म्हणतो? ‘ये शेर आपकी नज़्र करता हूँ.’ एखाद्या मोठ्या शायराच्या जमिनीत, म्हणजे त्याच्याच वृत्तात आणि यमकात गजल लिहिली की वर लिहितात, नज़्र-ए-गालिब. म्हणजे देणारा स्वतःहून खाली बसतो आणि समोरच्याला वर बसवतो. तुमचे गायक रसिकांना नजराणा देतात म्हणजे रसिकाला बादशहा करतात. ही उर्दूची तहजीब आहे. मराठीनं ती उचलली, चांगलंच केलं.”

मॅडम क्षणभर गप्प. मग म्हणाल्या, “आणि मिसळीचा नजराणा?”

“ते मी नाही सांभाळत.”

“तिकीट किती ठेवलंय रे?” अण्णांनी मध्येच विचारलं.

“तीनशे. सोफा पाचशे.”

“मग नजराणा रसिकच देतायत की!”

सलीम सर हसले, पण त्यांनी याचंही उत्तर दिलं. मुशायऱ्याला बोलावलेल्या शायराला जे पाकीट मिळतं त्यालाही उर्दूत नजराणाच म्हणतात. मानधन म्हटलं तर हिशेब आला, मजुरी म्हटलं तर अपमान. कुराणाची प्रत विकत घेतली असं पुष्कळ जण म्हणत नाहीत, हदिया, म्हणजे भेट, दिला म्हणतात. पैसे तेच, तेवढेच, दुकानदारही तोच. पण काही वस्तूंपुढं ‘किंमत’ हा शब्द काढायचा नसतो.

मला वाटतं अख्ख्या चर्चेतली खरी गोष्ट ही होती, पण ती तिथंच धरून कुणी बसलं नाही. कारण दत्ता बराच वेळ काहीतरी बोलू बघत होता.

“सर, हे बादशहाचं ठीक आहे. पण तहसीलमध्ये मला नजराणा भरा म्हणायलेत. तिथं कोण बादशहा?”

अण्णांनी कप खाली ठेवला. आता त्यांची पाळी होती, आणि त्यांनी ती सोडली नाही.

“तिथंच तर खरा बादशहा! ऐका. मॅडम दरबाराचं सांगतात, सर मुशायऱ्याचं. दोन्ही संपलं. महाराष्ट्रात नजराणा जिवंत आहे तो सातबाऱ्यावर. भोगवटादार वर्ग दोन असं लिहिलेलं असलं की जमीन तुमच्या ताब्यात, पण विकायची तर सरकारची परवानगी आणि नजराणा. का? कारण सरकार म्हणतं, ही आम्ही तुला दिली होती. जुन्या राज्यात वतनदार मेला, मुलाच्या नावावर वतन करायचं, दत्तक घ्यायचा, की नजर भरायची. बडोद्याच्या गोविंदराव गायकवाडांना गादीसाठी पुण्याला पेशव्यांकडं केवढी नजर कबूल करावी लागली होती. ती भरली म्हणजे काय कबूल केलं? की हे माझं नाही, तुमच्या मेहेरबानीनं माझ्याकडं आहे. आज तलाठी तेच कबूल करून घेतो.”

“तो कर आहे, अण्णा,” मी म्हणालो. “वाढलेल्या किमतीतला सरकारचा वाटा. कागदावर अनर्जित रक्कम म्हणतात की.”

“कर असता तर सगळ्यांना लागला असता. वर्ग एकवाल्याची किंमत वाढत नाही काय? त्याला नाही लागत. आणि बघा कुणाला लागतो. महार वतनाच्या जमिनी. बाबासाहेबांनी १९२८ ला मुंबईच्या कौन्सिलात बिल आणलं होतं त्या वतनाविरुद्ध, गुलामी आहे म्हणून. १९५८ च्या कायद्यानं वतन गेलं. जमिनी परत मिळाल्या, पण शर्तीवर. विकायची वेळ आली की बाजारभावाच्या निम्म्यापर्यंत नजराणा. ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या गावाची फुकट चाकरी केली, त्यांनीच नजर भरायची.”

कुणी काही बोललं नाही. मग शुभदा मॅडम म्हणाल्या की शर्त काढली तर त्या जमिनी दोन वर्षांत बिल्डरांच्या घशात जातील, शर्त संरक्षणासाठीच आहे. अण्णांचं म्हणणं, संरक्षण असेल तर विक्रीच बंद ठेवा. पैसे घेऊन परवानगी देणं हे कसलं संरक्षण? यावर दोघांची चांगलीच जुंपली. माझं मत अण्णांच्या बाजूनं आहे. सरकारनं बाकी सगळे शब्द बदलले, कलेक्टरचा जिल्हाधिकारी केला, मामलेदाराचा तहसीलदार केला, पण रोजच्या बोलण्यातून नजराणा हटला नाही, कारण देण्याघेण्याची ती रीतच हटलेली नाही. सलीम सरांनी मुंबईच्या पागडीची आठवण काढली. खिलतीतला सगळ्यात मानाचा भाग म्हणजे पागोटं, आणि आज पागडी म्हणजे भाड्याची खोली घेताना मालकाला मोजायची रक्कम. १९९९ च्या भाडे नियंत्रण कायद्यानं तीही अधिकृत झाली.

“माझं काय ते सांगा ना,” दत्ता कुरकुरला. “पन्नास टक्के भरायचे म्हटलं तर विकून उरतंय काय?”

“जमीन कसली आहे? वतनाची?”

“नाही. आजोबा कूळ होते. कुळकायद्यात मिळालेली.”

“३२म चं, म्हणजे कुळानं जमीन खरेदी केल्याचं प्रमाणपत्र आहे?”

“आहे. आजोबांच्या नावचं, पिवळं पडलंय.”

“मग दहा वर्षं कधीच उलटली. घेणारा शेतकरी असला, त्याची जमीन सिलिंगच्या, म्हणजे कमाल मर्यादेच्या आत असली आणि तुकडा पडत नसला, तर कलेक्टरची परवानगीही लागत नाही. २०१४ पासून. आकाराच्या, म्हणजे सातबाऱ्यावरच्या शेतसाऱ्याच्या चाळीस पट भरायचं, बस्स. आकार किती आहे सातबाऱ्यावर?”

दत्तानं मोबाइलमध्ये फोटो शोधला, दोन बोटांनी मोठा केला. “तीन रुपये साठ पैसे.”

“म्हणजे एकशे चव्वेचाळीस रुपये.”

“एकशे चव्वेचाळीस हजार?”

“रुपये! पन्नास टक्के कुणी सांगितलं तुला? तहसीलदारानं?”

“नाही. कचेरीबाहेर झाडाखाली एक जण बसतो. तो म्हणाला, मी मध्ये पडून पंचवीसवर आणतो.”