रताळं खा, पण गोळी सोडून नाही

आषाढी एकादशी जवळ आली की रताळ्यावरचा एक मेसेज व्हॉट्सअॅपवर फिरायला लागतो. यंदा तो आमच्या आत्यापर्यंत पोचला. आत्या सत्तरीच्या पुढची, डायबेटिस जुना. मेसेजवर विश्वास ठेवून तिने एकादशीला सकाळची गोळी घेतलीच नाही. दुपारी फराळाला रताळ्याचा कीस, पाकातले काप आणि वर साबुदाण्याची खिचडी. संध्याकाळी तोंडाला कोरड पडली, सारखं बाथरूमला जावं लागलं, म्हणून वहिनीने मशीनवर साखर तपासली तर आकडा तीनशेच्या पुढे. मला राग आलाय आणि तो मी लपवत नाही.

मेसेजमध्ये काय म्हटलंय ते आधी सांगते. रताळं रक्तातली साखर खाली आणतं, म्हणून उपवासाच्या दिवशी रताळं खाणाऱ्याला डायबेटिसच्या गोळीची गरज नाही. रताळ्याची साखर नैसर्गिक, त्यामुळे कसंही करा, कितीही खा. रताळं हे वेदकाळापासूनचं ऋषिमुनींचं अन्न. अमेरिकेतसुद्धा आता हे पटलंय, म्हणून तिथे थँक्सगिव्हिंग या नोव्हेंबरातल्या सणाच्या जेवणात रताळ्याचं कॅसरोल, म्हणजे ओव्हनमध्ये भाजलेला गोड पदार्थ, असतंच. रोज रताळं खाल्लं की चष्मा जातो. आणि शेवटी, कोंब आलेलं रताळं विषारी, लगेच फेकून द्या.

गोळीचं आधी घेऊ, कारण बाकीच्या थापांनी फार तर डोकं दुखेल, हिने माणूस दवाखान्यात जाऊ शकतो.

रताळं ‘औषध’ आहे ही कल्पना कुठून आली ते शोधलं तर थोडं तथ्य सापडतं. पांढऱ्या सालीच्या एका रताळ्याचा अर्क काढून ‘कायापो’ नावाने त्याच्या गोळ्या विकतात आणि त्यावर काही चाचण्या झाल्यात. या सगळ्या चाचण्या एकत्र तपासून कॉक्रेन या संस्थेने २०१३ मध्ये आढावा प्रसिद्ध केला. औषधोपचारांचे पुरावे पारखण्यात कॉक्रेनचा शब्द जगभर मानतात. निकषांत बसणाऱ्या चाचण्या सापडल्या फक्त ३, माणसं सगळी मिळून १४०, आणि कालावधी सहा आठवड्यांपासून पाच महिन्यांपर्यंत. साखर थोडी उतरलेली दिसली, पण पुरावा इतका कच्चा की टाइप २ डायबेटिससाठी रताळ्याची शिफारस करता येत नाही, असा निष्कर्ष निघाला. हेही अर्काच्या गोळ्यांबद्दल. तुपावर परतलेल्या किसाबद्दल कोणी काही सिद्ध केलेलं नाही. अर्धवट ऐकलेल्या या गोष्टीवरून कोणीतरी थेट ‘गोळी सोडा’ असं लिहून मोकळं झालं.

गोळी आणि उपवास यांच्यात संबंध आहे, हे मात्र मान्य करायला हवं. ग्लिमेपिराइडसारख्या गोळ्या स्वादुपिंडाला इन्सुलिन सोडायला भाग पाडतात, पोटात अन्न असो वा नसो. कोणी दिवसभर निर्जळी उपवास करून ही गोळी नेहमीसारखी घेतली तर साखर एकदम खाली जाऊन घाम फुटतो, हातपाय थरथरतात, शुद्धही हरपू शकते. त्यामुळे अशा दिवशी डॉक्टर काही गोळ्यांचा डोस कमी करतात किंवा वेळ बदलतात. पण हे ठरवायला कुठली गोळी, किती मिलिग्रॅम, किडनी कशी आहे आणि उपवास कसला, हे सगळं माहीत असावं लागतं. आणि आपल्याकडचा बहुतेकांचा उपवास कसला असतो ते सगळ्यांना ठाऊक आहे: एकादशी अन् दुप्पट खाशी. आत्याच्या ताटात त्या दिवशी रोजच्या जेवणापेक्षा जास्त पिष्ट आणि साखर होती, आणि ती आवरणारी गोळी डबीत पडून होती. इन्सुलिन घेणाऱ्यांनी तर हा मेसेज वाचूही नये. टाइप १ डायबेटिस, म्हणजे ज्यात शरीर स्वतःचं इन्सुलिन जवळजवळ बनवतच नाही, असलेल्या माणसाने स्वतःच्या मनाने इन्सुलिन बंद केलं तर रक्तात आम्ल साठून जीव धोक्यात येतो.

आता ‘कसंही करा, कितीही खा’.

उकडलेलं रताळं साखर झपाट्याने चढवत नाही हे खरं आहे. पण ‘उकडलेलं’ हा शब्द मेसेज लिहिणाऱ्याने बाजूला ठेवला आणि सगळा घोळ तिथेच झाला. जमैकात खाल्ल्या जाणाऱ्या रताळ्याच्या १० वाणांवर २०११ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध झाला. तेच रताळं उकडून, तळून, ओव्हनमध्ये बेक करून आणि भाजून लोकांना खायला दिलं आणि त्यांच्या रक्तातली साखर मोजली. ग्लुकोजला १०० धरून एखादा पदार्थ साखर किती वेगाने चढवतो, तो त्याचा ग्लायसेमिक इंडेक्स. उकडलेल्या रताळ्याचा तो ४१ ते ५० आला. तळलेल्याचा ६३ ते ७७. बेक केलेल्याचा ८२ ते ९४ आणि भाजलेल्याचा ७९ ते ९३. खाणारे १० जण होते, सगळे निरोगी आणि तरुण, त्यामुळे हे आकडे आत्याला जसेच्या तसे लागू होतील असं मी म्हणणार नाही. पण कल डोळ्यांवर येण्याइतका स्पष्ट आहे. निखाऱ्यात भाजलेलं रताळं फोडल्यावर कडेला मधासारखा चिकट रस दिसतो ना, तो उगाच नाही. रताळ्यात पिष्टाचं माल्टोज साखरेत रूपांतर करणारं एक विकर (एन्झाइम) असतं. हळूहळू तापवलं की ते जोरात कामाला लागतं, शिवाय पाणी उडून जातं आणि गोडी आटून राहते.

मग पाकातले काप. आमच्याकडे ते असे होतात: रताळ्याच्या जाड चकत्या तुपावर दोन्हीकडून लालसर परतायच्या, वर साखर भुरभुरायची, झाकण ठेवून मंद आंचेवर साखर विरघळू द्यायची, मग वेलची. चकतीच्या कडा काचेसारख्या चमकायला लागल्या की झालं. फार सुंदर लागतात, मलाही आवडतात. पण त्या चमकणाऱ्या कडेवर दिसतोय तो साखरेचा पाक आहे. त्यात ‘नैसर्गिक’ काय उरलं? आणि नैसर्गिक म्हटल्याने रक्ताला काय फरक पडतो?

‘कितीही’चं गणितही करून टाकू. १०० ग्रॅम कच्च्या रताळ्यात साधारण २० ग्रॅम कर्बोदकं आणि ३ ग्रॅम तंतू असतात. मध्यम आकाराचं रताळं दीडशे ग्रॅमचं धरलं तर ३० ग्रॅम कर्बोदकं झाली, म्हणजे अंदाजे दोन फुलके. उकडलेलं एक छोटं रताळं दह्याबरोबर किंवा मूठभर दाण्यांबरोबर खाल्लं तर साबुदाण्याच्या खिचडीपेक्षा कितीतरी बरं, कारण साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट. हे मी आनंदाने मान्य करते. आत्यालाही तेच सांगितलंय: खिचडीच्या ऐवजी रताळं, खिचडीच्या जोडीला नाही. ज्यांची किडनी अधू आहे आणि डॉक्टरांनी पोटॅशियम मोजून खायला सांगितलंय, त्यांनी मात्र रताळ्याचंही आधी विचारून घ्यावं. १०० ग्रॅममध्ये ते तीनशे मिलिग्रॅमच्या वर असतं.

ऋषिमुनींबद्दल फार बोलायची गरज नाही. रताळं मूळचं मध्य आणि दक्षिण अमेरिकेतलं. कोलंबसाच्या सफरींनंतर ते युरोपात पोचलं आणि आपल्याकडे पोर्तुगीजांच्या जहाजांतून आलं. वेदकाळात ते इथे नव्हतंच. बटाटा, मिरची, शेंगदाणा, साबुदाणा ज्याच्यापासून करतात तो कंद, सगळे त्याच खंडातले, आणि तमिळनाडूतल्या सेलमकडचा साबुदाण्याचा धंदा तर १९४० च्या दशकातला. याने आपला उपवास खोटा ठरत नाही. बाहेरून आलेलं कंदमूळ आपल्या आज्यांनी उपवासाच्या पंगतीत बसवलं, त्याला दाण्याचं कूट आणि जिऱ्याची फोडणी दिली, हे मला कौतुकाचंच वाटतं. त्यासाठी खोटा इतिहास कशाला?

अमेरिकेच्या मुद्द्याने मात्र मी अवाक झाले. माझी मामेबहीण न्यू जर्सीत असते, तिच्या सासरी नोव्हेंबरात हे कॅसरोल दरवर्षी होतं. शिजवून कुस्करलेलं रताळं, त्यात लोणी, ब्राऊन शुगर, कधी अंडं आणि दूध. वर मार्शमेलोचा, म्हणजे साखरेच्या मऊ फुगीर गोळ्यांचा, थर पसरून ओव्हनमध्ये तो तपकिरी होईपर्यंत भाजतात, नाहीतर पिकान (अक्रोडासारखा सुकामेवा) आणि साखरेचा कुरकुरीत थर देतात. हे त्यांचं सणाचं पक्वान्न आहे, आपल्या पुरणपोळीसारखं, आणि सणाला ते खावंच. पण ते डॉक्टरांना पटलं म्हणून ताटात आलेलं नाही. रताळ्यावर मार्शमेलो घालायची पद्धत रुजली ती विक्रीच्या खटपटीतून. १९१७ मध्ये ‘एंजेलस’ नावाचे मार्शमेलो बनवणाऱ्यांनी जॅनेट मॅकेन्झी हिल या पाककला-लेखिकेकडून पाककृतींची पुस्तिका करून घेतली, गृहिणींनी मार्शमेलो रोजच्या स्वयंपाकात वापरावेत म्हणून. कुस्करलेल्या रताळ्यावर मार्शमेलो हा प्रकार त्या पुस्तिकेत होता. लोणी, साखर आणि वर साखरेचा फुगवलेला थर असलेला पदार्थ डायबेटिसवाल्यांना पुरावा म्हणून दाखवायचा, याला काय म्हणावं? बहिणीने मेसेज वाचून एवढंच कळवलं की तिच्या सासऱ्यांना डायबेटिस आहे, त्यांच्यासाठी त्या दिवशी साधं उकडलेलं रताळं दालचिनी घालून वेगळं काढतात, आणि त्यांची औषधं ठरल्या वेळीच देतात.

चष्म्याचं दोन वाक्यांत. केशरी गराच्या रताळ्यात बीटा कॅरोटीन भरपूर असतं, शरीर त्याचं अ जीवनसत्त्व करतं आणि त्याच्या कमतरतेमुळे येणारा रातांधळेपणा टळू शकतो, पण चष्म्याचा नंबर हा डोळ्याच्या आकाराचा प्रश्न आहे, तो खाण्याने उतरत नाही. शिवाय आपल्या बाजारात सहसा मिळणारं रताळं बाहेरून लाल आणि आतून पांढरं, त्यात बीटा कॅरोटीन नगण्य. हवंच असेल तर तिरुवनंतपुरमच्या केंद्रीय कंदपीक संशोधन संस्थेने काढलेल्या ‘भू सोना’सारख्या केशरी वाणाची चौकशी करा.

राहता राहिले कोंब. हा नियम बटाट्याचा आहे. कोंब आलेल्या, हिरव्या पडलेल्या बटाट्यात सोलॅनिन हे विषारी द्रव्य वाढतं, तो टाकावाच. रताळं बटाट्याच्या कुळातलं नाहीच, ते गारवेलीच्या कुळातलं. त्याचे कोंब विषारी नसतात, उलट कोवळ्या पाल्याची भाजी करतात. कोंब खुडून रताळं वापरा किंवा कुंडीत लावा, वेल छान पसरतो. टाकायचं असेल तर बुरशी धरलेलं, काळं पडून कडवट वास येणारं रताळं टाका. बुरशी लागली की रताळ्यात जी विषारी द्रव्यं तयार होतात ती शिजवूनही पूर्ण जात नाहीत, आणि अशी रताळी खाऊन गुरं फुप्फुसाच्या विकाराने दगावतात. त्यामुळे काळा भाग कापून उरलेलं किसात घालू नका, आणि गोठ्यातही टाकू नका.