कुर्ट गेरॉन आणि ती फिल्म : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. कुर्ट गेरॉन या जर्मन ज्यू नट-दिग्दर्शकावरच्या माझ्या लेखाबद्दल तुम्ही मनापासून आणि सविस्तर लिहिलंत, म्हणून उत्तरही जरा लांबलं आहे. तुमचे आक्षेप दोन. नाझींच्या छावणीत कैदी असताना त्यांच्यासाठी प्रचारपट काढणाऱ्याबद्दल मी हळवा झालो, हा एक. आणि दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाला एवढी जागा कशाला, हा दुसरा.

दुसरा आधी घेतो. १९२८च्या ऑगस्टमध्ये बर्लिनला 'थ्रीपेनी ऑपेरा' पहिल्यांदा रंगमंचावर आला (पुलंनी 'तीन पैशाचा तमाशा' केला तो यावरूनच), तेव्हा सुरुवातीचं 'मॅक द नाइफ' हे प्रसिद्ध गाणं गेरॉननेच म्हटलं आणि पोलीसप्रमुख टायगर ब्राऊनही त्यानेच रंगवला. 'ब्लू एंजल' (१९३०) हा चित्रपट एकदा फक्त त्याच्यासाठी पाहा. त्याचा जादूगार कीपर्ट विदूषक झालेल्या प्रोफेसरच्या डोक्यावर अंडं फोडतो आणि कोंबड्यासारखं आरवायला फर्मावतो. लोकांसमोर हसरा चेहरा, दबक्या आवाजात धमकी. प्रोफेसर झालेल्या एमिल यानिंग्जचा अपमान आपल्याला इतका बोचतो, तो समोर गेरॉन आहे म्हणून.

आता ती फिल्म. १ एप्रिल १९३३ रोजी उफा या बड्या जर्मन चित्रपट कंपनीच्या स्टुडिओत तो दिग्दर्शन करत असताना, ज्यू म्हणून त्याला चालू शूटिंगमधून बाहेर काढलं. पॅरिस, व्हिएन्ना करत तो नेदरलँड्सला गेला, तिथे त्याने चित्रपटही केले. पण १९४० मध्ये जर्मन फौजा तिथेही पोचल्या. त्याच वर्षी एका ज्यूद्वेष्ट्या प्रचारपटात त्याच्या जुन्या कामाचे तुकडे त्याच्याच लोकांच्या बदनामीसाठी वापरले गेले. पुढे नेदरलँड्समधली वेस्टरबोर्कची छावणी, आणि १९४४ मध्ये तेरेझिनश्टाट ही ज्यूंना डांबण्याची नाझी छावणी. तिथे ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये एसएसच्या, म्हणजे छावण्या चालवणाऱ्या नाझी दलाच्या, नजरेखाली त्याने ती फिल्म चित्रित केली; छावणीत ज्यू सुखात राहतात असं भासवणारी. संकलन त्याच्या हाती नव्हतंच. २८ ऑक्टोबरला, तिथून आउशवित्झच्या मृत्युछावणीला निघालेल्या शेवटच्या गाडीत त्याला आणि पत्नी ओल्गाला चढवलं आणि तिथे पोचताच त्याला मारलं. फिल्म पुरी झाली ती १९४५ मध्ये, तो गेल्यानंतर.

'त्याला नाही म्हणता आलं असतं,' असं तुम्ही लिहिलंत. छावणीतून वाचलेल्या काहींनीही त्याला दोष दिला आणि तो त्यांचा अधिकार आहे, त्यांनी तिथे दिवस काढले होते. पण ज्याचा आणि ज्याच्या बायकोचा जीव समोरच्याच्या मुठीत आहे, त्याच्या होकाराला मी संमती म्हणणार नाही. त्या काही आठवड्यांवरून त्याची आधीची सगळी कारकीर्द जोखणंही मला मान्य नाही.

ज्याच्या डोक्यावर कीपर्टने अंडं फोडलं, त्या यानिंग्जकडे पाहा. अभिनयाचं पहिलं ऑस्कर त्याचं, पैसा त्याचा, मानमरातब त्याचा. त्याला कुणी छावणीत डांबलं नव्हतं. १९४१ मध्ये त्याने 'ओम क्रूगर' या प्रचारपटात मुख्य भूमिका केली. 'नाही का म्हटलं नाहीस,' हा प्रश्न त्याला विचारावा.