लार्च मेलेला नाही: पिवळ्या सूचिपर्णी वृक्षांविषयीच्या एका मजकुराचा प्रतिवाद

सप्टेंबर सरत आला की व्हॉट्सअ‍ॅपच्या गटांवर एक छायाचित्र फिरू लागते. आल्प्स किंवा कॅनडातील रॉकी पर्वतातला एखादा उतार असतो, काळपट हिरव्या सूचिपर्णी वृक्षांच्या मधोमध शेकडो पिवळेधमक वृक्ष उभे असतात आणि खाली मजकूर असतो. त्याचे शब्द बदलत राहतात, पण आशय तोच असतो. सूचिपर्णी वृक्ष बाराही महिने हिरवे असतात, तेव्हा हे पिवळे वृक्ष मरणपंथाला लागले आहेत. शेजारचे वृक्ष हिरवे आहेत, यावरून हा रोगच आहे हे सिद्ध होते. तापमानवाढीमुळे या वृक्षांनी आता पाने गाळायला सुरुवात केली आहे. पाने नसलेला वृक्ष कडाक्याच्या थंडीत तगू शकत नाही. आणि हिमालयात असे वृक्ष अजून दिसत नसले तरी पुढची पाळी आपल्या देवदारांची आहे, असा एकूण युक्तिवाद असतो. हा मजकूर पुढे पाठवणारे लोक जंगलांविषयीच्या खऱ्या काळजीपोटीच तो पाठवतात, आणि म्हणूनच त्यातील प्रत्येक विधान तपासून पाहणे मला आवश्यक वाटते. छायाचित्रातील ते वृक्ष लार्च, म्हणजे दर शरदात पाने गाळणारे सूचिपर्णी वृक्ष, आहेत आणि ते पूर्णपणे निरोगी आहेत.

सूचिपर्णी वृक्ष सदाहरितच असतात, हे पहिले विधान बाकीच्या सगळ्या विधानांचा पाया आहे. त्याचा दोष मजकूर लिहिणाऱ्यावर टाकणे योग्य होणार नाही, कारण शाळेच्या भूगोलात ‘सूचिपर्णी’ आणि ‘सदाहरित’ हे शब्द आपण इतक्या वेळा जोडीने वाचलेले असतात की त्यांचा अर्थ एकच आहे असे वाटू लागते. वस्तुतः या दोन शब्दांचा आधार वेगवेगळा आहे. वनस्पतिशास्त्रात ज्यांना आपण सूचिपर्णी म्हणतो, त्या गटाची ओळख पानांवरून ठरत नाही. फळात न झाकलेले, बहुतेक वेळा शंकूच्या खवल्यांवर धरणारे बी ही त्याची खूण आहे. सदाहरित हा शब्द पाने झाडावर किती काळ टिकतात याविषयी आहे. पहिली गोष्ट वंशाची आहे आणि दुसरी सवयीची. नुसत्या सुईसारख्या पानांवरून काढलेला निष्कर्ष किती फसवा असतो, हे पाहायला कोकणच्या किनाऱ्यावरील सुरूचे बन पुरेसे आहे. सुरूच्या ‘सुया’ म्हणजे बारीक हिरव्या डहाळ्या असतात, त्याची खरी पाने त्या डहाळ्यांच्या सांध्यांवर खवल्यांच्या रूपात असतात, आणि शंकूसारखे फळ धरणारे हे झाड प्रत्यक्षात सपुष्प वनस्पतींपैकी आहे.

सूचिपर्णी वृक्षांच्या सहाशेहून अधिक जाती जगात आहेत, आणि त्यांपैकी वीसहूनही कमी जाती दर वर्षी सगळी पाने गाळतात. संख्या लहान असली तरी हा अपघात नाही, कारण हे वृक्ष पाच वेगवेगळ्या प्रजातींत (म्हणजे जवळच्या जातींच्या गटांत) विभागलेले आहेत. पाइन आणि देवदार यांच्या कुलातील लार्च, त्याच कुलातील चीनचा सोनेरी लार्च, अमेरिकेच्या आग्नेय भागातील दलदलींत वाढणारा टॅक्सोडियम, चीन व व्हिएतनाममधील ग्लिप्टोस्ट्रोबस आणि चीनमधील मेटासेक्वोया हे ते पाच. यांतील मेटासेक्वोयाचे वर्णन जपानी शास्त्रज्ञ शिगेरू मिकी यांनी १९४१ मध्ये केवळ जीवाश्मांवरून केले होते. जिवंत वृक्ष चीनमध्ये सापडल्याचे जगाला त्यानंतर कळले.

पाचांपैकी सर्वांत विस्तृत राज्य लार्चचे आहे. तैगा म्हणजे सदाहरित अरण्य, असे आपण शिकलो. युरोपीय रशियाच्या बाबतीत ते बरेचसे खरे आहे. मात्र येनिसेई नदीच्या पूर्वेकडे, पॅसिफिक महासागराच्या दिशेने पसरलेल्या अफाट प्रदेशात लार्च हाच प्रमुख वृक्ष आहे, आणि रशियात सर्वाधिक क्षेत्र व्यापणारा वृक्षही तोच आहे. रशियन वनशास्त्रज्ञ स्प्रूस आणि फर यांच्या दाट अरण्याला काळोखी तैगा म्हणतात आणि लार्च व स्कॉट्स पाइनच्या अरण्याला उजळ तैगा म्हणतात. हे नाव मला फार नेमके वाटते, कारण लार्चची पाने विरळ आणि मऊ असल्याने उन्हाळ्यातही ऊन जमिनीपर्यंत उतरते आणि हिवाळ्यात तर हे अरण्य जवळजवळ संपूर्ण निष्पर्ण असते.

या पहिल्याच विधानात आणखी एक गैरसमज दडलेला आहे: सदाहरित वृक्षांची पाने कधी गळतच नाहीत, असा. उत्तराखंडात चीड पाइनखाली उन्हाळ्याच्या तोंडावर पडणारा सुयांचा जाड थर ज्यांनी पाहिला आहे, त्यांना हे समजावून सांगण्याची गरज नाही. तिथले लोक त्या थराला पिरुल म्हणतात आणि दर वर्षीच्या वणव्यांना तोच इंधन पुरवतो. सदाहरित वृक्ष जुनी पाने टप्प्याटप्प्याने टाकतो आणि त्याच वेळी नवी पाने झाडावर असतात, एवढाच फरक आहे. लार्च आपला हिशेब एका वर्षात पूर्ण करतो.

पिवळा रंग मरणाचे लक्षण आहे, हे दुसरे विधान. दिवस लहान होऊ लागले आणि रात्री गारठल्या की लार्च आपल्या सुयांमधील हरितद्रव्याचे विघटन सुरू करतो. हिरवा रंग ओसरला की त्याखाली आधीपासूनच असलेली पिवळी कॅरोटिनॉइड द्रव्ये दिसू लागतात. हरितद्रव्य आणि प्रथिने मोडून सुटलेल्या नत्राचा निम्म्याहून अधिक भाग या काळात सुयांतून फांद्यांकडे आणि खोडाकडे परत खेचला जातो. थंड प्रदेशातील मातीत नत्र अतिशय तुटपुंजे असते, त्यामुळे पुढच्या वसंतातील पालवीसाठी ही साठवण मोलाची ठरते. ही आवराआवर उरकल्यावर सुईच्या बुडाशी पेशींचा एक विलग होणारा थर तयार होतो आणि सुई गळते. या सगळ्या क्रिया ऊर्जा खर्च करून केलेल्या, जिवंत पेशींनी पार पाडलेल्या क्रिया आहेत. तोडून आणलेला आंब्याचा टहाळा आठवावा: त्याची पाने वाळतात, आक्रसतात, पण बरेच दिवस डहाळीलाच चिकटून राहतात, कारण पान गाळण्यासाठी लागणारी तयारी करायला त्या फांदीत जीव उरलेला नसतो. शरदात आपली सगळी पाने व्यवस्थित गाळून मोकळा होणारा वृक्ष जिवंत आहे याचा याहून स्पष्ट पुरावा कोणता असू शकेल? साग, पळस आणि सावर उन्हाळ्यापूर्वी निष्पर्ण होतात तेव्हा सह्याद्रीतले जंगल मेले असे आपण म्हणत नाही. लार्चलाही तोच न्याय लागू आहे.

तिसरे विधान शेजारच्या हिरव्या वृक्षांचे. आल्प्समधील जंगलांत लार्चच्या बरोबरीने नॉर्वे स्प्रूस आणि आरोला पाइन वाढतात, आणि हे दोन्ही सदाहरित आहेत. म्हणजे छायाचित्रात एकाच जातीतील आजारी आणि निरोगी वृक्ष दिसत नसून वेगवेगळ्या जाती शेजारी शेजारी उभ्या असलेल्या दिसतात. जवळून पाहिल्यास त्या सहज ओळखता येतात. लार्चच्या सुया मऊ असतात. चालू वर्षाच्या लांब कोंबांवर त्या एकेकट्या येतात आणि जुन्या फांद्यांवरील आखूड, गाठीसारख्या उपशाखांवर वीस ते चाळीसच्या झुबक्यांत येतात. पाने गळल्यावर त्या गाठी फांदीभर उठून दिसतात आणि बी सांडून गेलेले लहान, उभे शंकू वर्षानुवर्षे फांद्यांवर तसेच राहतात.

लार्चला रोग होत नाहीत असे मी मुळीच म्हणत नाही. उलट खरे रोग ओळखता यावेत म्हणूनच हा खुलासा करावासा वाटतो. विदर्भातील संत्रा बागायतदारांना डिंक्या रोगामुळे परिचित असलेल्या फायटोप्थोरा या बुरशीसारख्या रोगजंतूंच्या प्रजातीतील रॅमोरम ही जाती २००९ मध्ये इंग्लंडच्या नैर्ऋत्य भागात जपानी लार्चवर आढळली आणि त्यानंतर ब्रिटनमध्ये लार्चची फार मोठ्या प्रमाणावर तोड करावी लागली. स्वित्झर्लंडच्या एंगाडिन खोऱ्यात एका लहान पतंगाच्या अळ्या साधारण आठ-नऊ वर्षांच्या अंतराने लार्चच्या सुया फस्त करत आणि भर उन्हाळ्यात उतारच्या उतार तांबूस होत. वृक्षांच्या वाढवलयांत या चक्राच्या खुणा सुमारे १२०० वर्षे मागे जातात, आणि १९८० च्या दशकानंतर ते अनेक वर्षे खंडित झाले होते. या दोन्ही उदाहरणांत लक्षणे शरदाची वाट पाहत नाहीत. सुया ऐन वाढीच्या हंगामात तपकिरी होणे, शेंडे कोमेजणे, सालीतून राळ पाझरणे, एकाच लार्चच्या काही फांद्या वाळणे आणि काही हिरव्या राहणे, ही काळजीची लक्षणे होत. सगळ्या खोऱ्यातील सगळे लार्च, उंचावरचे थोडे आधी आणि खालचे थोडे नंतर, काही आठवड्यांत एकसारखे सोनेरी होत असतील तर तो केवळ ऋतुबदल आहे. तरीही शंका वाटल्यास डहाळीची साल नखाने किंचित खरवडून पाहावी. जिवंत डहाळीत सालीखाली ओलसर हिरवा थर दिसतो.

ही पानगळ अलीकडे, तापमानवाढीमुळे सुरू झाली, या चौथ्या विधानाला फार शब्द खर्च करण्याची गरज नाही. युरोपीय लार्चचे शास्त्रीय नाव ‘लॅरिक्स डेसिड्युआ’ असे आहे आणि ते फिलिप मिलर यांनी १७६८ मध्ये दिले. ‘डेसिड्युआ’ या लॅटिन शब्दाचा अर्थच गळून पडणारी असा आहे. त्याही मागे जायचे तर कॅनडाच्या अतिउत्तरेकडील अ‍ॅक्सेल हायबर्ग बेटावर सुमारे साडेचार कोटी वर्षांपूर्वीच्या अरण्याचे अवशेष मिळाले असून त्यांत लार्च आणि मेटासेक्वोया हे दोन्ही पानझडी वृक्ष आहेत. तापमानवाढीचा उत्तरेकडील अरण्यांवर होणारा परिणाम खरा आणि गंभीर आहे. परंतु त्याचा पुरावा म्हणून दर वर्षी होणारी नैसर्गिक पानगळ दाखवली, तर ती चूक उघडकीस आल्यावर खऱ्या पुराव्यांवरचा लोकांचा विश्वासही उडतो, याचे मला वाईट वाटते.

पाचवे विधान मला सर्वांत महत्त्वाचे वाटते, कारण ते वरवर पाहता तर्कशुद्ध आहे. सुईसारखी, मेणचट पाने थंडी सोसण्यासाठीच असतात. ती टाकून देणारा वृक्ष दुबळा ठरणार आणि हिवाळाभर काम करणारे सदाहरित वृक्ष त्याच्या पुढे जाणार, असा हा तर्क. त्याची कसोटी नकाशावर लागते. जगातील सर्वांत उत्तरेकडील अरण्य सायबेरियातील तैमिर द्वीपकल्पावर, ७२ अंश उत्तर अक्षांशाच्याही पलीकडे आहे, आणि ते लार्चचे आहे. व्हेर्खोयान्स्क आणि ओयम्याकोन येथे उणे ६७ अंश सेल्सिअसच्याही खाली तापमान नोंदले गेले आहे. त्या परिसरातील अरण्येही लार्चचीच आहेत. रॉकी पर्वतात सदाहरित वृक्षांची सीमा जिथे संपते, त्याच्याही वर काही अंतरापर्यंत लायल या वनस्पतिशास्त्रज्ञाच्या नावाने ओळखला जाणारा लार्च चढत जातो. सदाहरित वृक्ष जिथे माघार घेतात तिथेच हा वृक्ष टिकतो, याचे कारण पाण्यात आहे. हिवाळ्याच्या अखेरीस ऊन कडक होते, वारे सुटतात, पण जमीन गोठलेलीच असते. हिरव्या सुयांमधून बाष्प निघून जात राहते आणि मुळांना मात्र थेंबही उचलता येत नाही, त्यामुळे सदाहरित वृक्ष बर्फाच्या सान्निध्यात उभा राहून तहानेने वाळतो. साग उन्हाळ्यात जे टाळतो, तेच लार्च हिवाळ्यात टाळतो.

सदाहरित वृक्ष हिवाळाभर काम करतात ही समजूतही तपासली पाहिजे. कडाक्याच्या थंडीत त्यांचे प्रकाशसंश्लेषण जवळजवळ थांबलेले असते आणि हिरव्या सुयांवर पडणारी प्रकाशाची ऊर्जा त्यांना उष्णतेच्या रूपाने बाहेर टाकावी लागते. काही वर्षे टिकेल अशी सुई घडवायची तर जाड आवरण, मेण आणि काष्ठद्रव्य यांवर बरीच सामग्री खर्च होते. लार्चची सुई पातळ आणि स्वस्त असते, आणि तेवढ्याच वजनाच्या सदाहरित सुईपेक्षा ती उन्हाळ्यात अधिक वेगाने अन्न तयार करते. याकुत्स्क परिसरात वर्षाला सुमारे २४० मिलिमीटर इतकाच पाऊस-बर्फ पडतो आणि उन्हाळ्यात जमिनीचा केवळ वरचा थर वितळतो. खाली माती कायम गोठलेली असते. लार्च आपली मुळे त्या उथळ थरात आडवी पसरतो आणि वितळलेल्या पाण्यावर छोटा उन्हाळा पुरेपूर वापरून घेतो. लार्चची कोवळी रोपे पहिल्या हिवाळ्यात काही सुया हिरव्या ठेवतात, ही गोष्टही ध्यानात घेण्यासारखी आहे. सुया टिकवणे या वृक्षाला जमत नाही, असे त्यामुळे म्हणता येत नाही.

शेवटचे विधान हिमालयाविषयी आहे आणि ते वस्तुस्थितीला सोडून आहे. पूर्व नेपाळ, सिक्कीम, भूतान आणि अरुणाचल प्रदेश यांच्या उंच खोऱ्यांत हिमालयीन लार्च मूळचाच आहे. ब्रिटिश वनस्पतिशास्त्रज्ञ जोसेफ डाल्टन हूकर यांनी १८४८ पासून सिक्कीम आणि पूर्व नेपाळच्या पर्वतांत प्रवास केला, आणि या वृक्षाला त्यांनी विल्यम ग्रिफिथ या वनस्पतिशास्त्रज्ञाचे नाव दिले. त्याच्या डहाळ्या खाली लोंबतात आणि शंकू इतर लार्चच्या शंकूंपेक्षा बरेच लांब, उभे आणि बाहेर वळलेल्या सहपत्रांमुळे (खवल्यांलगतच्या पानांसारख्या लहान भागांमुळे) केसाळ दिसणारे असतात. उत्तर सिक्कीममध्ये लाचुंग किंवा लाचेनला हिवाळ्यात जाणाऱ्या पर्यटकांना तो निष्पर्ण दिसेल, आणि तोच वृक्ष वसंतात कोवळ्या पोपटी सुयांनी भरलेला असेल. देवदाराच्याही आखूड उपशाखांवर सुयांचे असेच झुबके येतात, त्यामुळे दोघांत गल्लत होऊ शकते. परंतु देवदाराच्या सुया ताठ व टोकदार असतात, त्याचे शंकू झाडावरच सुटे होऊन विखुरतात, आणि तो सदाहरित आहे. शिमला किंवा मनालीत एखादा देवदार अंगभर पिवळा पडलेला दिसला, तर मात्र ती बातमी वन विभागाला जरूर कळवावी.