अल्दोना आजींचे हात

काल रात्री 'अल्दोना' ही छोटी फिल्म परत पाहिली. पाव तासाच्या आत संपते, पण संपल्यावर बराच वेळ दिवा न लावता बसून होते. कुणाला तरी सांगितल्याशिवाय राहवत नाहीये, म्हणून लिहितेय.

एमिलिया श्कार्नुलिते, लिथुआनियाची कलावंत, जन्म १९८७, व्हिल्नियस. ही फिल्म तिने २०१३ मध्ये आपल्या आजीवर केली. अल्दोना आजींची दृष्टी १९८६ च्या वसंतात कायमची गेली. त्याच एप्रिलमध्ये चेर्नोबिलची अणुभट्टी फुटली होती. डॉक्टरांचं म्हणणं, डोळ्यांच्या नसांना विषबाधा झाली, बहुधा त्या स्फोटामुळे. त्या 'बहुधा'वर एका बाईने पुढची सगळी वर्षं काढली.

फिल्ममध्ये आजी ग्रूतास पार्कमध्ये जातात. सोव्हिएत संघातून देश स्वतंत्र झाल्यावर चौकाचौकांतून उतरवलेले सोव्हिएत पुतळे द्रुस्किनिन्कायजवळच्या या जंगलात आणून ठेवलेत. व्हिल्नियसच्या लुकिश्केस चौकातला लेनिनही इथेच आहे. ऑगस्ट १९९१ मध्ये क्रेनने उचलताना त्याचे पाय गुडघ्याखाली तुटून चौथऱ्यावरच राहिले होते. जगाने ते पाहिलं. आजींना ते दिसणं शक्यच नव्हतं. त्यांच्या डोळ्यांनी शेवटचा पाहिलेला लिथुआनिया सोव्हिएतच होता.

आणि इथे आजी त्या पुतळ्यांना हात लावतात. थंड धातूवरून बोटं सावकाश फिरतात. खूप दिवसांनी घरी आलेल्या नातवाच्या तोंडावरून आजी हात फिरवते ना, तसा हात. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला हे सहनच झालं नाही. ज्यांच्या राजवटीने लाखाच्या वर लिथुआनियन माणसं सायबेरियाकडे धाडली, त्यांना इतक्या मायेनं चाचपायचं? काल लक्षात आलं, ती माया नाहीच, ती खातरजमा आहे. चौकात उभं असताना ज्या चेहऱ्यापर्यंत कुणाचा हात पोचत नव्हता, तो आता एका म्हातारीच्या हाताशी आलाय. राजवट गेली, हे त्यांना बोटांनी कळतंय.

हे पार्क २००१ मध्ये सुरू झालं तेव्हा तिथे मोठा वाद झाला होता. हद्दपार झालेल्यांच्या घरच्यांना ते पुतळे पुन्हा उभे केलेले बघवत नव्हते. त्यांचा राग मला पूर्ण पटतो. तरीही ते वितळवले नाहीत हे बरं झालं, असं मी ठामपणे म्हणेन. वितळवले असते तर आजींनी काय चाचपलं असतं?

एमिलियाने चेर्नोबिलचा पिच्छा पुढेही सोडला नाही. २०२२ ची तिची 'बरिअल' ही फिल्म लिथुआनियातल्याच इग्नालिनाच्या अणुकेंद्रावर आहे. चेर्नोबिलच्याच जातीच्या अणुभट्ट्या, त्यातली शेवटची २००९ च्या अखेरीस बंद झाली आणि केंद्र मोडून काढायचं काम अजून चालूच आहे. तीही बघा. पण आधी 'अल्दोना' बघा.

नातीने आजीवर केलेली फिल्म, आणि आजीला ती कधीच दिसणार नव्हती. कॅमेरा हातात घेताना एमिलियाला हे माहीत होतं.