नाशिकचा पाना, ओहायोचा गंज

नाशिकहून भावाने फोटो पाठवला: ऑनलाइन मागवलेला ४६ नगांचा सॉकेट सेट, आणि सोबत म्हणे कुठल्याही नटाला बसणारं एक बॉक्स, म्हणजे नटावर टोपीसारखं बसवून फिरवायचं सॉकेट. "ताई, आता गॅरेजला रामराम!" घरच्या ग्रुपवर लगेच दोन तट पडले. असली खेळणी बोल्टाची डोकी गोल करतात, म्हणजे कोपरे झिजून मग पाना धरतच नाही, हे काकांचं मत. पंच म्हणून मला नेमलं, कारण मी ओहायोतल्या क्लीव्हलंडला राहते आणि 'अमेरिकेत सगळे आपली गाडी आपणच दुरुस्त करतात'.

करतात बरेच जण, पण सगळेच हौसेने नाही. इथे गॅरेजची मजुरी तासाला शंभर डॉलरच्या वर जाते.

तसलं बॉक्स मीही घेतलं होतं. आत स्प्रिंगवरच्या बारीक सळ्या असतात. नटावर दाबलं की मधल्या मागे सरकतात, कडेच्या नटाला वेढा घालतात. अंगणातल्या खुर्च्यांचे नट त्याने झकास फिरले. मग मी ब्रेकचे पॅड बदलायला बसले. पॅड ज्यात बसतात त्या कॅलिपरचा १४ मिमीचा बोल्ट, आणि त्यावर सात हिवाळ्यांचा गंज. बर्फ वितळावा म्हणून इथे रस्त्यांवर मीठ टाकतात; ते गाडीच्या पोटाला लागतं आणि बोल्ट जाम होतात. जोर लावला, सळ्या घसरल्या, बोल्टाचं डोकं गोल. पुढचं काम गॅरेजवाल्याने केलं. त्या बिलात सहाकोनी बॉक्सचे दोन चांगले सेट आले असते.

तरी मी सगळी काकांच्या बाजूची नाही. नाशिकच्या हवेत बॅटरीचा १० मिमीचा नट सोडवायला फार मोठी विद्या लागत नाही, आणि चुकलंच तर कोपऱ्यावरचा मेकॅनिक छिन्नी घेऊन हजर. मालवणच्या मावशीला मात्र हे सांगणार नाही. तिथला खारा वारा म्हणजे आमच्या मिठाचा सख्खा भाऊ.

बाबांनी दिलेला टपारियाचा अॅडजस्टेबल पाना मी सातासमुद्रापार आणलाय. नाशिकच्याच सातपूरचा माल म्हणून जीव आहे त्याच्यावर, पण त्याला काम एकच: पलीकडचा नट धरून ठेवणं. फिरवायला मापाचा रिंग पानाच. शिवाय इथे ऑटोझोनसारखी गाडीच्या सुट्या भागांची दुकानं टॉर्क रेंचसुद्धा (नट नेमक्या जोराने आवळायचा पाना) अनामत घेऊन वापरायला देतात. परत केला की पैसे पूर्ण परत. भावाने खरा हेवा करावा तो याचा. अशी सोय असल्यावर सर्वांना बसणारं बॉक्स हवंय कुणाला?

त्याच्या सेटची यादी मी नीट वाचली. सगळ्यात मोठं बॉक्स १४ मिमीचं. चाकाचे नट बहुतेक गाड्यांना १७ ते २१ मिमीचे असतात.

"मग परत करू का?" त्याने विचारलं.

"ठेव. फक्त डिकीतला चाकाचा पाना काढून तिथे ही पेटी ठेवू नकोस."

बराच वेळ उत्तर नाही. मग फोटो आला: पाना माळ्यावर, पेटी डिकीत.