नाक टोचण्याआधी अमरकोश उघडा

गेल्या गुरुवारी ताईचा फोन आला. "अगं, पोरीचं नाक टोचून घ्यावं म्हणते. सातवा लागलाय तिला. सोनार घरी यायला तयार आहे."

भाचीचं नाक लहानपणी टोचलं नव्हतं. ते नेमकं आता, पोटुशी असताना, कुणाला आठवावं? तर व्हॉट्सअॅपला. 'प्राचीन सुवर्णालंकारांमागील ऋषींचे विज्ञान' अशा मथळ्याचं पाच कलमी पत्रक आहे, शेवटी हात जोडलेले आणि 'किमान दहा जणींना पाठवा'. मला ते तीनदा आलं होतं. तिन्ही वेळा मी 'जाऊ दे' म्हटलं, ते चुकलं. कान सोनारानेच टोचावेत म्हणतात. मी सोनार नाही, पण शाळेत संस्कृत शिकवण्यात जन्म गेला आणि अमरकोश, म्हणजे अमरसिंहाचा जुना संस्कृत शब्दकोश, अजून पाठ आहे. तेव्हा हे कान मीच टोचते.

पहिलं कलम, ज्यापायी सोनार दारात येणार होता: 'नथ हा पाच हजार वर्षांपूर्वीचा वैदिक अलंकार आहे. डाव्या नाकपुडीची नस थेट गर्भाशयाला जोडलेली असते. सातव्या महिन्यात डावं नाक टोचल्यास प्रसूती सुलभ होते, असे सुश्रुताने लिहिले आहे.'

आधी पाच हजार वर्षांचं बघू. अमरकोशाच्या मनुष्यवर्गात दागिन्यांची यादी आहे, गुप्तकाळाच्या, म्हणजे साधारण इसवी सनाच्या चौथ्या ते सहाव्या शतकाच्या, आसपासची, डोक्यापासून पायापर्यंत. माथ्यावर चूडामणी. कानात कर्णिका, कुंडल. गळ्यात तर रेलचेल: एकपदरी ती एकावली, सत्तावीस मोत्यांची ती नक्षत्रमाला, शंभर पदरांचा हार तो देवच्छंद. मग केयूर, अंगद, कंकण. अंगठीवर अक्षरं कोरलेली असतील तर तिला वेगळं नाव. कमरेला मेखला, कांची, रशना. पायात मंजीर, नूपुर, हंसक. आणि नाकात? काही नाही. सत्तावीस मोती मोजून नाव ठेवणारा अमरसिंह नथ विसरला असेल असं ज्याला वाटतं, त्याने खुशाल वाटून घ्यावं. नाक टोचलेल्यासाठी त्याच्याकडे शब्द नाही असंही नाही. आहे: नस्तित, नस्योत. फक्त तो वैश्यवर्गात, गुराढोरांमध्ये येतो. बैलासाठी.

हा शोध माझा नाही. पुण्याच्या भांडारकर संस्थेचे अभिरक्षक (क्युरेटर) आणि संशोधक परशुराम कृष्ण गोडे यांनी १९३० च्या दशकात संस्थेच्या नियतकालिकात नथीच्या प्राचीनतेवर सविस्तर निबंध लिहिला. कोश, काव्यं, शिल्पं पालथी घालून त्यांनी दाखवलं की नाकातल्या दागिन्याचे उल्लेख साधारण इ. स. १००० नंतर दिसू लागतात, त्याआधी नाहीत. कागदावर विश्वास नसेल तर कार्ल्याच्या लेण्याला जा. चैत्यगृहाच्या दर्शनी भिंतीवर जोडपी कोरली आहेत. बाईच्या कानात जड कर्णभूषणं, कमरेला मेखला, पायात भरगच्च वाळे. नाक मोकळं. अजिंठ्याच्या चित्रांतल्या राण्या-दासींचंही तेच.

म्हणजे नथ आपली नाही का? आहे की. हजारेक वर्षं काय कमी झाली? बसरा मोत्यांची नथ घातलेली बाई देखणी दिसते, तेवढं पुरे. तिला वेदांचा दाखला कशाला हवा?

आता सुश्रुत, आयुर्वेदातला जुना शल्यवैद्य. इथे थोडं झुकावं लागतं, कारण पत्रक लिहिणाऱ्याने काहीतरी अर्धवट ऐकलेलं आहे. त्याच्या संहितेतल्या सूत्रस्थान या भागाच्या सोळाव्या अध्यायात टोचण्याचा विधी खरंच आहे. 'रक्षाभूषणनिमित्तं बालस्य कर्णौ विध्येते' अशी सुरुवात. बाळाचे कान टोचावेत, रक्षणासाठी आणि शोभेसाठी. केव्हा? सहाव्या किंवा सातव्या महिन्यात. मुलाचा उजवा कान आधी, मुलीचा डावा. सातवा महिना, डावी बाजू! मला दाट संशय आहे की गोंधळ इथेच झाला. बाळाच्या वयाचा सातवा महिना आईच्या गरोदरपणाचा केला आणि कानाचं नाक. त्याच अध्यायात नाक येतं, पण ते तुटलेलं नाक गालाच्या कातडीने कसं सांधावं यासाठी. आणि भलत्या जागी टोचलं तर काय होतं हेही सुश्रुत सांगतो: कालिका नावाची शीर दुखावली तर ताप, आग, सूज, वेदना. हा भाग पत्रकात नाही.

राहिली नस. नाकपुडीची संवेदना ज्या मज्जातंतूने मेंदूकडे जाते त्याचा संबंध चेहऱ्याशी आहे. गर्भाशयाचे मज्जातंतू पाठीच्या कण्याच्या खालच्या भागातून येतात. मधे थेट तार नाही. आणि दक्षिणेत कित्येक बायका उजवी बाजू टोचतात, त्या काय बाळंत होत नाहीत?

दुसरं कलम जास्त वाईट, कारण ते भाचीच्या ताटापर्यंत पोहोचलं होतं. 'शुद्ध सोन्याचे कण त्वचेतून रक्तात मिसळतात व हिमोग्लोबिन वाढवतात, म्हणून पूर्वीच्या स्त्रियांना गोळ्या लागत नसत.' भाचीचं हिमोग्लोबिन नऊच्याही खाली, आणि लोहाच्या गोळ्यांनी मळमळतं म्हणून तिने त्या आठवडाभर बंद ठेवलेल्या. गळ्यात आईची मोहनमाळ मात्र दिवसरात्र. मी फोनवर किती ओरडले ते इथे लिहीत नाही.

हिमोग्लोबिनमध्ये लोह असतं, सोनं नसतं. सोन्याचं मोठेपणच हे की ते गंजत नाही, सहजासहजी कशात विरघळत नाही. मोहेंजोदडोला सापडलेला सोन्याच्या चकत्या आणि हिरवट मण्यांचा हार घ्या. फाळणीत त्याचेही दोन तुकडे झाले, एक दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. चार हजारांहून जास्त वर्षं मातीत राहून त्याचं सोनं सोनंच राहिलं. मातीला जे दाद देत नाही ते मोहनमाळेतून रक्तात झिरपेल? आणि सोन्याने रक्त वाढतं म्हणाल, तर २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात देशातल्या ५२.२ टक्के गर्भवतींना रक्तक्षय आढळला. एवढ्या सोन्याच्या देशात.

बाकीची कलमं भराभर. 'मंगळसूत्र वेदकाळापासून, दोन वाट्या रक्तदाब आवरतात.' वाट्यांचं सोडा. गृह्यसूत्रांत, म्हणजे घरातल्या संस्कारांच्या प्राचीन विधिग्रंथांत, पाणिग्रहण आहे, सप्तपदी आहे. मंगळसूत्राबद्दल ती गप्प आहेत, हे भारतरत्न पां. वा. काणे यांनी धर्मशास्त्राच्या इतिहासात नोंदवून ठेवलं आहे. 'दागिने ऋषींनी स्त्रीदेहासाठीच योजले.' ऋग्वेदात गळ्यात निष्क मिरवतो तो रुद्र, छातीवर रुक्म हा सोन्याचा दागिना घालतात ते मरुत, दोघेही पुरुष देव. अमरकोशात पुरुषाच्या कमरेच्या साखळीला स्वतंत्र शब्द आहे, शृंखल. पुढे निष्क हे नाणंही झालं, म्हणजे गळ्यातला दागिना आणि तिजोरीतला पैसा एकच. आपली पुतळ्यांची माळ दुसरं काय आहे? बायकांना सोनं अडीनडीला हाताशी लागायचं. हे कारण पत्रकात कुठेच नाही, कारण ते 'ऊर्जा' या शब्दात बसत नाही.

'कमरेखाली सोने घातल्यास ऊर्जा उलटी वाहते.' सोनं म्हणजे लक्ष्मी, तिला पाय लागू नये, हा भाव खरा आहे आणि मीही पायात चांदीच घालते. पण तो भाव आहे, वीजपुरवठा नव्हे. तमिळ महाकाव्य सिलप्पदिकारमची सगळी कथा कण्णगीच्या पायातल्या सोन्याच्या पैंजणावर उभी आहे. राजपुतान्यात पायात सोनं घालायची मुभा राजा मान म्हणून द्यायचा. ऊर्जा उलटी वाहत असती तर तो मान कुणी घेतला असता?

हे सगळं मी ताईला एका दमात ऐकवलं. ती थोडा वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "बरं बाई, सोनाराला नको म्हणते. पण डोहाळजेवणाला नाक मोकळं कसं दिसेल?"

चापाची नथ मिळते, म्हटलं. ती मी आणते. तू तेवढ्या गोळ्या लिंबूपाण्याबरोबर दे, चहाबरोबर देऊ नकोस.